वीस ग्रॅम

तांबट आळीच्या तोंडाशी माझं दुकान.
पाटीवर लिहिलंय, काटे, ताजवे, वजनं दुरुस्त करून मिळतील.
का कोण जाणे,
तराजूवाल्यापाशी बसलं की माणसं मरणाचं बोलतात.

देवळालीचे मीनोचेर शेठ औषधांचा पितळी काटा घेऊन यायचे.
म्हणायचे, चौथ्या दिवशी उजाडताना
पुलाच्या तोंडाशी आमचं माप होतं, डिकरा,
आणि तिथला काटा राजासाठीसुद्धा
केसभर झुकत नाही.
मग माझ्या काट्याला हलकेच टिचकी मारून बघायचे.

यासीनभाई अत्तारवाले सांगत,
मोहरीएवढं केलेलंही तिथं पारड्यात पडतं.
आणि बशीतला चहा फुंकत स्वतःशीच,
मी जन्मभर वास विकला.
वासाचं वजन किती धरतील?

शरणपूरच्या सलोमीबाईंना ही चिंता नव्हती.
आमचं देणं आधीच कुणीतरी भरून टाकलंय, म्हणायच्या.
तरी बाजारातून परतताना
पाव किलो गवार माझ्याकडे पुन्हा तोलून घ्यायच्या.

पांडवलेण्याच्या पायऱ्यांवर एका भंतेंना विचारलं.
ते म्हणाले, पारड्यात बसणारा कोण, ते आधी शोध.
मी धापा टाकत होतो. पुढं विचारलं नाही.

मग गंगापूर रोडच्या शाळेला प्रदर्शनासाठी ताजवा हवा झाला,
मिसर देशातला.
एका पारड्यात मेलेल्याचं काळीज, दुसऱ्यात पीस.
काळीज जड भरलं
तर मगरीच्या तोंडाची कुणी शेजारीच बसलेली,
ती खाऊन टाकते.
पोरांनी लाल मातीचं काळीज केलं.
शहामृगाचं पीस नाशकात कुठून आणायचं?
रामकुंडावर पडलेलं कावळ्याचं आणलं.
काळीज आतून कितीही पोखरलं, पारडं खालीच.
शेवटी मी पिसाच्या मागं शिशाचा ठिपका चिकटवला.
टाळ्या पडल्या.

कुमुदिनी तिथंच उभी होती.
एवढंच म्हणाली, शिशाची तुम्हाला सवयच.

सांगून टाकतो.
लोखंडी वजनाच्या बुडाशी भोक असतं,
त्यात शिसं भरून वर सरकारी शिक्का मारतात.
थोरलीच्या बाळंतपणाला पैसे नव्हते त्या साली
पिंपळगावच्या एका आडत्याच्या पाच किलोतून
मी शिसं काढलं. वीस ग्रॅम.
शिक्का हुबेहूब उठवला.
त्यावर किती टोमॅटो, किती द्राक्षं गेली
याची वही चित्रगुप्ताकडेच असेल तर असेल.
आडत्या गेला. वजनं भंगारात गेली.
आता सगळीकडे लाल आकड्यांचे काटे.

कुमुदिनीही गेली, माघातल्या थंडीत.
कलश रात्रभर दुकानात होता.
तोलला नाही.
खोटं कशाला, तोलला.
आकडा सांगणार नाही.

दहाव्याला वाटलं होतं, कावळा ताटकळवेल,
माझ्याकडून काही कबूल करून घेईल.
गुरुजींनी दर्भही काढून ठेवला होता.
पण पिंड ठेवून हात मागं घेतो न घेतो
तोच तो उतरला, चोच मारली, उडाला.
तिचं काहीच अडलेलं नव्हतं.
माझे ओठ नुसतेच उघडे राहिले.

सुतक फिटल्यावर तिची कुंकवाची डबी उघडली.
तळाशी, चिंधीत, शिशाचा तो गोळा.
एकतीस वर्षं.

तो मुठीत धरून रामकुंडावर गेलो.
म्हणतात, या पाण्यात हाडं विरघळतात.
शिसं विरघळत नाही.
काठावर पोरं दोरीला लोहचुंबक बांधून
तळातली नाणी ओढत होती.
चुंबकालाही शिसं लागत नाही.
म्हणजे एकदा टाकलं की कुणालाच सापडणार नाही.

तेवढ्यासाठीच परत आणलं.

सोन्याच्या काट्यावर ठेवून पाहिलं रात्री.
वीस.
आज दुकान उघडल्यावर पुन्हा ठेवीन.